विचार करणारा माणूस पडद्यावर कसा दिसतो?

तुमचा प्रश्न मला समजला तो असा. कलावंत आणि विचारवंत यांच्यावर तुम्ही माहितीपटांची मालिका करताय. पहिला माहितीपट एका ज्येष्ठ चित्रकारावर आहे आणि त्याचा 50 मिनिटांचा रफ कट, म्हणजे पहिली कच्ची जुळणी, तयार आहे. ज्यांना दाखवलात त्यांतल्या काहींना तो 'माहितीपूर्ण' वाटला, काहींना 'फार संथ'. पुढचा माहितीपट तत्त्वज्ञानाच्या एका अभ्यासकावर आहे, आणि तिथे एक खुर्ची आणि पुस्तकांचं कपाट सोडलं तर दाखवायला काहीच नाही. तर शॉट किती लांब ठेवायचा, निवेदन घालायचं का, आणि नुसत्या बोलणाऱ्या माणसाचं काय करायचं?

हे तीन वेगळे प्रश्न वाटतात, पण माझ्या मते अडचण एकच आहे. 'माहितीपूर्ण' आणि 'संथ' हे दोन्ही शेरे तिच्याकडेच बोट दाखवतात. तुमच्या वर्णनावरून असं दिसतं की चित्रकाराने आयुष्यभरात जे ठरवलं ते त्याच्या तोंडून ऐकू येतं, पण तो काही ठरवत असताना आपल्याला दिसत नाही. मुलाखतीत माणूस आपले निष्कर्ष सांगतो. मग तुम्ही खिडकी, ब्रश, सुरकुतलेले हात असे लांब शॉट टाकता. बोलणं चालू असताना प्रेक्षकाला माहिती मिळते आणि ते थांबलं की तो पुढच्या बोलण्याची वाट बघत बसतो. म्हणून अर्ध्या लोकांना माहिती लक्षात राहिली आणि अर्ध्यांना ताटकळणं.

मी बरीच वर्षं अशी व्यक्तिचित्रं करते, इतरांची संकलितही करते. त्यातून माझं एक मत पक्कं झालंय: कलावंताचं किंवा विचारवंताचं व्यक्तिचित्र म्हणजे त्याच्या लक्षाचं चित्रण. त्याचं लक्ष कशावर जातं, कुठे अडतं, कोणत्या गोष्टीकडे पुन्हा पुन्हा वळतं, हे दिसलं तर तो माणूस दिसला. त्याचं मोठेपण, पुरस्कार, बालपण हे सगळं त्यानंतर.

आता हे किती जमेल ते परिस्थितीवर अवलंबून आहे. तो माणूस अजून काम करतोय का, तब्येत साथ देते का, तो तुम्हाला एक दुपार देतोय की वर्षभर येऊ देतोय, काम करताना कुणी खोलीत असलेलं त्याला चालतं का, यावर फिल्मची जात ठरते. एक दुपारच मिळणार असेल तर वर्षभराच्या सहवासाची फिल्म करायच्या भानगडीत पडू नका. त्या एका दुपारचीच प्रामाणिक फिल्म करा.

समजा वेळ आहे. मग पहिलं काम म्हणजे त्या माणसाच्या कामाला स्वतःचं घड्याळ कुठे आहे ते शोधणं. याचं माझ्या पाहण्यातलं सर्वांत स्वच्छ उदाहरण म्हणजे व्हिक्टर एरिसे यांचा 1992 सालचा 'एल सोल देल मेंब्रियो'. आंतोनियो लोपेझ हा स्पॅनिश चित्रकार अंगणातलं क्विन्सचं (पिवळ्या, नाशपातीसारख्या फळाचं) झाड रंगवायला घेतो. आपली पावलं रोज त्याच जागी पडावीत म्हणून जमिनीत खिळे ठोकतो, झाडासमोर दोरा ताणतो, ओळंबा सोडतो. पानांवर आणि फळांवर पांढऱ्या रंगाच्या छोट्या खुणा करतो. फळ पिकून जड होतं, फांदी खाली येते आणि खुणा सरकतात, म्हणून चित्रही सरकवावं लागतं. त्याला हवा असलेला प्रकाश झाडावर थोडाच वेळ असतो, आणि हवा बिघडली की तोही नाही. तैलचित्र सोडून तो रेखाटन सुरू करतो आणि फळं गळायला लागल्यावर तेही थांबतं. दोन तासांहून मोठी ही फिल्म आहे. चित्रकार मोठा आहे असं त्यात कुणी सांगत बसत नाही, तरी त्या पांढऱ्या खुणा पाहिल्यावर त्याच्या दृष्टीची शिस्त कळते. फळ पिकण्याचा वेळ हाच फिल्मचा वेळ झाला, त्यामुळे तिथे संथपणा लादलेला वाटत नाही.

तुमच्या चित्रकाराकडेही असं काहीतरी असणार. कॅनव्हासवर पहिला थर देऊन तो वाळायची वाट बघणं, एखादं जुनं अर्धवट चित्र पुन्हा बाहेर काढणं, प्रदर्शनासाठी चित्रं निवडणं. यांतलं एक धरा आणि ते सुरू होण्यापासून संपेपर्यंत, किंवा फसेपर्यंत, त्याच्यासोबत राहा. जन्म, शिक्षण, संघर्ष, मान्यता ही चढण सगळ्यांच्याच आयुष्यात सारखी दिसते. कामाची रीत प्रत्येकाची वेगळी असते.

शॉटच्या लांबीकडे येते. सेकंदांत उत्तर देता येत नाही, पण संकलनाच्या टेबलावर मी काय करते ते सांगते. शॉट सुरुवातीपासून लावते. मनात ज्या क्षणी त्याला नाव देता येतं, 'चित्रकार ब्रश धुतोय', त्या क्षणी पहिली खूण करते. शॉटमधली माहिती तिथे संपलेली असते. मग तसाच पुढे बघत राहते. काही शॉटमध्ये त्यानंतर दुसरं काहीतरी उघडतं: ब्रश धुता धुता त्याची नजर कॅनव्हासकडे जाते, हात मंदावतो, पाणी वाहत राहतं. तिथे दुसरी खूण. ही दुसरी खूण ज्या शॉटमध्ये सापडते, तो तिच्या पुढेपर्यंत चालू ठेवते. जिथे सापडत नाही, तिथे पहिल्या खुणेला कात्री. सुंदर प्रकाश आहे, फ्रेम छान लागलीय, एवढ्यासाठी शॉट लांबवू नका. चिंतनशील म्हणवणाऱ्या फिल्म्समधला निम्मा कंटाळा या दुसरी खूण नसलेल्या शॉट्सचा असतो.

एक शॉट जवळून सांगते. एका छापचित्रकार बाईंवर मी काम करत होते. तांब्याच्या प्लेटवर शाई लावून त्या जाळीदार कापडाने पुसत आणि शेवटचा हात तळव्याच्या कडेने फिरवत. हात मग एप्रनला पुसत. हे पुसणं दिसायला आकर्षक असतं, कॅमेरा आपोआप तिथेच जातो. पण प्रत्येक वेळी हात पुसून झाल्यावर त्या प्लेट उचलत आणि खिडकीच्या बाजूला किंचित तिरपी करत. धातूवरून उजेडाची एक पट्टी सरकत जाई. ती कुठे अडखळते त्यावरून शाई कुठे जास्त राहिलीय ते त्यांना कळे, आणि मग त्या प्लेट खाली ठेवून पुन्हा पुसायला घेत, किंवा घेत नसत. निर्णय त्या तिरपं करण्यात होता. मी कॅमेरा हातांवरून काढून त्यांच्या खांद्यामागे नेला आणि ती पट्टी त्यांना दिसते तशी टिपली. संपूर्ण फिल्ममध्ये त्या आपल्या कलेबद्दल जे काही बोलल्या, त्यापेक्षा जास्त मला त्या शॉटमध्ये मिळालं.

म्हणून चित्रीकरणाच्या पहिल्या दिवशी कॅमेरा बाहेर काढायची घाई करू नका. बसा आणि पाहा. हा माणूस काम कुठे थांबवतो, थांबल्यावर कशाकडे बघतो, पुन्हा सुरू कशाने करतो, हे टिपून ठेवा. हाताचे क्लोजअप कुणालाही घेता येतात. थांबण्याच्या जागा ज्याने आधी पाहिल्यात त्यालाच त्या पकडता येतात, कारण त्या इतक्या लहान असतात की कॅमेरा वळवेपर्यंत निघून जातात.

आता एक गंभीर गोष्ट, जिच्याबद्दल नवे लोक फारसं विचारत नाहीत. कॅमेरा खोलीत आला की काम बदलतं. कोरिना बेल्झ यांच्या जर्मन चित्रकार गेरहार्ड रिख्टरवरच्या 2011 सालच्या माहितीपटात रिख्टर कॅमेऱ्यासमोरच सांगतो की कुणी पाहत असताना चित्र काढणं त्याला फार जड जातं. दिग्दर्शिकेने ते कापलं नाही, आणि ती अस्वस्थता फिल्मचा भाग झाली. दुसरं उदाहरण क्लेशदायक आहे. छायाचित्रकार हान्स नामुथ यांनी 1950 साली अमेरिकी चित्रकार जॅक्सन पोलॉकचं चित्रण केलं. त्यात एका भागात पोलॉक काचेवर रंग टाकतोय आणि कॅमेरा काचेखालून बघतोय. दृश्य विलक्षण आहे. पण पुन्हा पुन्हा, सांगितल्याप्रमाणे, थंडीत केलेल्या त्या चित्रीकरणाचा शेवटचा दिवस संपला त्याच दिवशी पोलॉकने जवळपास दोन वर्षं सोडलेली दारू पुन्हा हातात घेतली. त्याचं सगळं खापर कॅमेऱ्यावर फोडणं बरोबर होणार नाही. तरी सहज घडणारी गोष्ट 'आणखी एकदा करा' असं म्हणत माणसाकडून करवून घेतली की त्याच्या आतलं काहीतरी ओरबाडलं जातं, असं मला मनापासून वाटतं. मी पुन्हा करायला सांगत नाही. निसटलं ते निसटलं. त्याच्या रोजच्या कामात ती गोष्ट असेल तर ती उद्या परत येईलच.

सुरुवातीलाच तीन गोष्टी बोलून घ्या: 'आज नको' म्हणायचा त्याचा हक्क, चित्रित न करण्याच्या गोष्टी, आणि रफ कट त्याला दाखवायचा की नाही. मी दाखवते. तपशिलाची चूक आणि खासगीपणाला धक्का या दोन बाबतींत मी त्याचं ऐकते. स्वतःचं रूप किंवा एखादा कट आवडला नाही, तर ते प्रेमाने ऐकून घेते आणि निर्णय माझा ठेवते. हे आधी सांगितलेलं असलं की नंतर मनं दुखावत नाहीत.

चित्रं चित्रित करण्याबद्दल थोडं. प्रत्येक चित्र निदान एकदा तरी चारही कडांसकट, स्थिर, पुरेसा वेळ दाखवा. चित्रावरून सरकणारा कॅमेरा चित्रकाराची रचना मोडून स्वतःची रचना करतो, त्यामुळे आधी पूर्ण चित्र प्रेक्षकाला द्या आणि मगच आत शिरा. दोन बाजूंनी साधारण 45 अंशांतून सारखा प्रकाश दिला तर तैलरंगावरची चकाकी आवरते. चकाकी तरीही राहिली तर पोलरायझिंग फिल्टर वापरा. रंगाचा जाड थर दाखवायचा असेल तर एकाच बाजूने अगदी तिरका प्रकाश द्या, म्हणजे ब्रशचे उंचवटे उठून दिसतात. आणि चित्र कुणी विकत घेतलं असलं तरी त्याचे प्रतिमा-हक्क बहुधा चित्रकाराकडे किंवा त्याच्या वारसांकडेच असतात. लेखी परवानगी चित्रीकरणाआधी घ्या.

निवेदनाबाबत लोक फार कडक भूमिका घेतात. निवेदन म्हणजे जुनाट, ते नसणं म्हणजे कला, असं काही नसतं. सत्यजित राय यांनी 1972 साली चित्रकार बिनोदबिहारी मुखर्जींवर 'द इनर आय' हा सुमारे 20 मिनिटांचा माहितीपट केला. मुखर्जी शांतिनिकेतनात त्यांचे शिक्षक होते. जन्मापासून नजर अधू, पन्नाशी ओलांडल्यावर शस्त्रक्रियेनंतर तीही पूर्ण गेली, आणि तरी काम चालू. या फिल्मला निवेदन आहे आणि आवाज खुद्द रायांचा आहे. निवेदन साल, ठिकाण, नातं, घटना सांगतं आणि बाजूला होतं. चरित्राचं ओझं त्याने उचलल्यामुळे चित्रं आणि भित्तिचित्रं पाहायला प्रेक्षक मोकळा राहतो. डोळे गेलेला कलावंत स्पर्शाने काम करताना दिसतो तेव्हा 'जिद्दी' किंवा 'महान' अशा विशेषणांची गरजच पडत नाही. मी हीच कसोटी लावते. जे पडद्यावर दिसू शकत नाही तेवढंच निवेदनात, आणि विशेषण एकही नाही. तुमच्या 50 मिनिटांतली वीसेक मिनिटं जर चित्रकार स्वतःच्या आयुष्याच्या तारखा सांगण्यात घालवत असेल, तर त्या तारखा दोन-तीन मिनिटांच्या निवेदनात घ्या आणि त्या माणसाला त्या कामातून सोडवा.

आता तुमचा खरा अवघड भाग, तत्त्वज्ञानाचा अभ्यासक.

बोलणाऱ्या माणसाची फिल्म कंटाळवाणी होते हा गैरसमज आहे. आधीच ठरलेलं बोलणं कंटाळवाणं होतं. वयस्कर विचारवंतांकडे अनेकदा सांगून गुळगुळीत झालेली उत्तरं असतात, आणि सर्वसाधारण प्रश्न विचारला की तीच बाहेर येतात. किर्बी डिक आणि एमी झीरिंग कॉफमन यांच्या 2002 च्या 'देरिदा'मध्ये यावर एक शिकण्यासारखा प्रसंग आहे. फ्रेंच तत्त्वज्ञ जाक देरिदांना प्रेमाबद्दल काहीतरी बोला असं सांगितलं जातं. ते नकार देतात: प्रेमावर असं सरसकट बोलता येणार नाही, मला नेमका प्रश्न विचारा. पण नकार देता देताच त्यांना प्रश्न सापडतो. आपण प्रेम करतो ते त्या व्यक्तीवर, की तिच्या गुणांवर? तिथे आपण एका माणसाला विचार करताना पाहतो. तयार उत्तर मिळालं असतं तर फिल्ममध्ये एक सुभाषित जमा झालं असतं, बाकी काही नाही.

यातून माझ्या दोन सवयी बनल्या. 'जीवनाचा अर्थ काय', 'कला म्हणजे काय' असले प्रश्न मी विचारत नाही. 'तुमच्या या पानावर हा शब्द तुम्ही खोडलाय, का खोडलात?' असं विचारते. आणि विचारवंताच्या हातात त्याचंच काहीतरी देते: तीस-चाळीस वर्षांपूर्वीचा लेख, जुनं टिपण, समासात शेरे लिहिलेलं पुस्तक. एका वृद्ध निबंधकाराला मी त्यांच्याच तरुणपणीच्या निबंधातला एक परिच्छेद मोठ्याने वाचायला दिला होता. तिसऱ्या वाक्यावर ते थांबले. चष्मा काढला, पुन्हा लावला, तेच वाक्य हळू आवाजात परत वाचलं आणि म्हणाले, "हे मी आता असं लिहिणार नाही." मग खिशातलं पेन काढून छापील पानावरच दुरुस्ती सुरू केली. पुढची कितीतरी मिनिटं ते माझ्याशी बोलत नव्हते, त्या तरुण लेखकाशी भांडत होते. तुम्हाला खुर्ची आणि कपाटच दिसतंय. त्या कपाटात त्यांचे मतभेद आहेत, त्यांचे गुरू आहेत, त्यांनी पुढे सोडून दिलेली मतं आहेत. त्यातलं पुस्तक त्यांनाच काढायला सांगा.

मांडणी अगदी साधी असली तरी चालते. क्लेअर पार्ने यांनी 1988-89 मध्ये फ्रेंच तत्त्वज्ञ जील दल्यूझ यांच्याशी केलेली चित्रित संभाषणं वर्णमालेच्या क्रमाने जातात, एका अक्षराला एक विषय. एक खोली, एक खुर्ची. हे दल्यूझ यांच्या मृत्यूनंतरच दाखवायचं असं आधी ठरलं होतं. ती अट त्यांनी पुढे हयातीतच सैल केली, पण बोलताना ते मोकळेपण होतंच. काही तासांचं हे काम मी अनेकदा पाहिलंय आणि दरवेळी गुंतून पडते, कारण विषय आधी ठाऊक असूनही बोलताना वाट नव्याने शोधली जाते.

मुलाखत घेतानाची सगळ्यात मोठी युक्ती म्हणजे उत्तर संपल्यावर गप्प राहणं. माणूस बोलायचा थांबला की आपण 'हं', 'वा', 'बरोबर' म्हणतो किंवा पुढचा प्रश्न टाकतो. तसं करू नका. मान डोलवा, डोळ्यांत बघा आणि थांबा. बहुतेक वेळा तो पुन्हा बोलतो, आणि ते दुसरं बोलणं पहिल्यासारखं घोटीव नसतं. संकलनात हा मधला विराम कापू नका. प्रेक्षकाला विचार दिसतो तो तिथेच. मुलाखतीवर सतत दुसरी दृश्यं पांघरायची सवयही सोडा. माणूस शब्द शोधत असताना तुम्ही पुस्तकांच्या कण्यांवर कट केलात, तर शोध गेला आणि आवाज तेवढा उरला.

आणि ध्वनी. लांब शॉट प्रेक्षक डोळ्यांइतकाच कानांनी धरून ठेवतो. कपड्याला लावायचा लेपल माइक बोलण्यापुरता ठीक आहे, कामाच्या आवाजासाठी बूम, म्हणजे दांड्यावरचा माइक, जवळ न्या: कागदावर पेन्सिल, पॅलेटवर सुरी, पान उलटणं, श्वास. प्रत्येक खोलीचा, कुणी बोलत-हलत नसतानाचा, निदान मिनिटभर रिकामा आवाज वेगळा मुद्रित करा, नाहीतर विरामांच्या जागी संकलनात भोकं पडतात. पार्श्वसंगीत शक्यतो शेवटी ठरवा. संगीताशिवाय जो शॉट उभा राहत नाही, तो संगीत लावून उभा करण्यात मला रस नाही. तुम्ही वेगळं ठरवू शकता.

मग आता नेमकं काय कराल? रफ कट बाजूला ठेवा आणि सगळं मूळ फुटेज एकदा आवाज बंद करून बघा. चित्रकार थांबतो, मागे सरकतो, मान वाकडी करतो, खोडतो, पुसतो, त्या सगळ्या जागा टिपून फक्त त्यांची एक टाइमलाइन, म्हणजे सलग जोडलेली पट्टी, बनवा. ती दहा-बारा मिनिटांची झाली तरी तुमची फिल्म तुमच्याकडे आहे. मुलाखतीतली वाक्यं तिच्याभोवती बसवा, जी बसणार नाहीत ती जाऊ द्या. टाइमलाइन जवळजवळ रिकामीच राहिली, तर कात्रीने काही साधणार नाही. चित्रकाराला फोन करा, सध्या कशावर काम चालू आहे ते विचारा, आणि या वेळी दिवे आणि प्रश्नांची यादी न घेता जा. तत्त्वज्ञांकडेही कॅमेरा नेण्याआधी त्यांचं एक पुस्तक हातात पेन्सिल घेऊन वाचा आणि तुम्हाला जे पटलं नाही तिथे खूण करा. पहिला प्रश्न त्या खुणेवरचा विचारा.